मेश्टिल्ट, म्हणजे आपली मेख

एखादं काम अडून बसलं की तुझी आई अजून म्हणते, "इथं आपली मेख हवी होती." तुला वाटत असेल, मेख म्हणजे खिळा किंवा खुंटी. शब्दकोशात तेच दिलं आहे. खरी मेख इथेच आहे, असंही आपण बोलताना म्हणतो. पण आपल्या घरातली मेख ही एक बाई होती. ती जर्मनीत, आखनला राहायची. रेवा, तुझं नाव तुझ्या कानात पहिल्यांदा तिनं सांगितलं. परवा फोनवर तू विचारलंस, "आजी, शाळेत लिहायचंय, माझं नाव मला कोणी दिलं?" मी "आईबाबांनी" म्हणून मोकळी झाले, कारण ही गोष्ट फोनवर सांगण्यासारखी नाही. लिहून सांगायला हवी, आणि क्रमाने.

तुझ्या जन्माच्या वेळी तुझी आई, माझी मुक्ता, आखनला पीएचडी करत होती. बाबा र्युसेल्सहाइमला मोटारींच्या कारखान्यात इंजिनिअर. शुक्रवारी रात्री यायचे आणि रविवारी संध्याकाळी जायचे. म्हणून बाळंतपणाला मी गेले. भारतात फोन करायचा तर दुकानातून कार्ड आणून त्यावरचा नंबर नाण्यानं खरवडावा लागे, तो काळ.

घर उंच आणि अरुंद होतं. तळाला एक बंद पडलेली बेकरी. तिथं आता एक माणूस विद्यार्थ्यांच्या सायकली दुरुस्त करायचा, पण भिंतींना अजून मधाचा आणि दालचिनीचा वास होता. सर्वांत वर, उतरत्या छपराखाली, मुक्ताची खोली. मी धापा टाकत जिना चढत होते. दुसऱ्या मजल्यावरच्या दारावर पितळेची भली मोठी पाटी होती. आडनाव नाही, हुद्दा नाही, नुसतं नाव. मी आयुष्यभर इंग्रजी वाचत आलेली, तसंच मोठ्यानं वाचलं, "मेकथिल्ड."

दार उघडलं. उंच, किडकिडीत, माझ्याच वयाची एक बाई. केस मागे इतके घट्ट बांधलेले की भुवया वर खेचल्यासारख्या वाटत होत्या.

"नो," ती म्हणाली. "मेश्टिल्ट."

"मेख..."

"मेश्. टिल्ट."

मला नीट म्हणता येईपर्यंत तिनं मला जिन्यात उभं ठेवलं. मग समाधानानं मान डोलावली आणि उजव्या हाताची करंगळी ताठ वर केली.

आमच्या शाळेत करंगळी वर केली की बाई म्हणायच्या, जा, लवकर ये. मला वाटलं, प्रवासातून आलेल्या म्हाताऱ्या बाईची ही काळजी घेतेय. मी म्हटलं, "नो, थँक यू. आगगाडीतच जाऊन आले." तेवढ्यात खालच्या मजल्यावरून एक चिरका आवाज आला, "लोट्टऽऽ! लोट्टऽऽ!" वर करंगळी, खाली लोटा. या घरात सगळ्यांनाच घाई लागलेली दिसते, असं वाटून मी पुढचा जिना भराभर चढले.

मुक्ताला हे सांगितलं तेव्हा ती पोट धरून हसली. त्या अवस्थेत तिनं इतकं हसू नये म्हणून मीच तिला दटावलं. करंगळी ही आखनच्या लोकांची खूण आहे. पूर्वी त्या गावात शिवणाच्या सुया करायचे कारखाने होते. तिथं बायका-पोरं सुयांच्या राशीसमोर बसून वाकडी, बिघडलेली सुई करंगळीनं बाजूला सारायची. तेव्हापासून आखनचा माणूस जगात कुठंही दुसऱ्या आखनवाल्याला भेटला की करंगळी वर करतो. मेश्टिल्टची आजी अशीच सुया निवडायची. तिचंही नाव मेश्टिल्ट, तिच्यावरून हिचं.

आणि लोट्टं?

"ते मला विचारू नकोस," मुक्ता म्हणाली. "आणि आई, तिच्यासमोर तो शब्द चुकूनही काढू नकोस."

मला असं सांगितलं की मी विचारतेच. पण त्यासाठी जर्मन भाषा लागली नाही. मेश्टिल्टचं इंग्रजी मोजकं होतं, पण पक्कं होतं. तळघरात कपडे वाळत घालताना आम्ही बोलायला लागलो. पहिल्याच दिवशी तिनं माझं नाव विचारलं. मी म्हटलं, सुधा. ती म्हणाली, अर्थ? मी म्हटलं, अमृत. "हं," म्हणाली, आणि मगच मला सुधा म्हणाली. ही तिची रीतच होती. नावाचा अर्थ कळल्याशिवाय ती ते नाव तोंडात घेत नसे. पोस्टमन, सायकलवाला, डॉक्टर, सगळ्यांना तिनं अर्थ विचारले होते. सायकलवाला तुर्की होता. त्याच्या नावाचा अर्थ लोखंड निघाला, तेव्हा तिनं त्याला हस्तांदोलन करून शाबासकी दिली होती म्हणे. लोकांना आपल्याच नावाचा अर्थ ठाऊक नसला की तिला राग यायचा. "स्वतःच्या घरात काय आहे ते न बघता राहतात," असं म्हणायची.

मग तिनं तिच्या नावाचा अर्थ सांगितला. जुन्या जर्मन भाषेत 'माख्ट' म्हणजे बळ आणि 'हिल्ड' म्हणजे लढाई. दोन्ही मिळून मेश्टिल्ट, लढाईतलं बळ. हे सांगताना तिनं ओली चादर अशी पिळली, की माझी खात्रीच पटली.

"आणि खाली राहतात त्या?" मी विचारलं.

"ती माझी सासू. कुनिगुंडं."

मी नीट ऐकलं नाही असं वाटून पुन्हा विचारलं. कुनिगुंडं. 'कुनी' म्हणजे कुळ, 'गुंड' म्हणजे लढाई. मला हसू आवरेना. मी तिला सांगितलं की आमच्या भाषेत हे ऐकलं तर माणूस समजेल, कुणी गुंड आलाय. तिनं चिमटे खाली ठेवले आणि ते शब्द दोनतीनदा घोळवले. "कुणी गुंड. कुणी गुंड. गेनाऊ!" गेनाऊ म्हणजे अगदी बरोबर. त्या दिवसापासून आमची मैत्री पक्की झाली. बदल्यात मी तिला मेख या शब्दाचा अर्थ सांगितला. लाकडात ठोकली की न निघणारी. तीही तिला आवडली.

लोट्टंची गोष्ट तिनं सांगितली ती अशी.

लग्न होऊन ती या घरात आली तेव्हा खालची बेकरी जोरात चालायची. आखनला प्रिंटन नावाची कडक, मसाल्याची बिस्किटं करतात; नाताळच्या आधी दुकानाबाहेर रांगा लागत. सगळा कारभार सासूच्या हातात. लग्नाच्या दुसऱ्या दिवशी सकाळी सासूनं तिच्या हातात पांढरा एप्रन दिला. त्यावर निळ्या दोऱ्यानं नाव भरलेलं होतं, लोटं; हाकेतलं लोट्टं ते हेच. आधी दुकानात काम करणाऱ्या मुलीचा तो एप्रन. ती मुलगी लग्न करून निघून गेली होती.

मेश्टिल्ट म्हणाली, "हे माझं नाव नाही."

सासू म्हणाली, "नाव आधीच भरलेलं आहे. वाया कशाला घालवायचं?"

"पण मी मेश्टिल्ट आहे."

"लढाई ना? या घरात एक लढाई पुरे. ती मी आहे."

गिऱ्हाइकं लोटं म्हणू लागली. मग शेजारी, मग चर्चमधले पाद्री. एप्रन फाटला तेव्हा सासूनं नव्या एप्रनवर पुन्हा तेच नाव भरून घेतलं.

"आणि नवरा?" मी विचारलं.

"हाइन्त्स पहिले काही महिने एकांतात मेश्टिल्ट म्हणायचा," ती म्हणाली. "मग त्याची ती सवय मोडली."

हे तिनं अगदी कोरड्या आवाजात सांगितलं. मी उगाच एका मोज्याची जोडी शोधत राहिले. तिनंच विचारलं, "तुमच्याकडे असं होतं का?" मी सांगितलं, आमच्याकडे तर विधीच असायचा. लग्नात ताटात तांदूळ पसरून त्यात नवरा अंगठीनं बायकोचं नवं नाव लिहायचा. माझं माहेरचं नाव कालिंदी. थोरल्या जाऊबाईही कालिंदी होत्या. एका घरात दोन नकोत, म्हणून मी सुधा झाले. तिनं अर्थ विचारला. मी सांगितला, नदी. ती म्हणाली, "आल्झो, कालिंडी," म्हणजे तर मग कालिंडी. तेव्हापासून त्या घरात मी कालिंडी होते. मुक्ताला आपल्या आईचं हे नाव तिथं पहिल्यांदा कळलं.

हाइन्त्स गेला तेव्हा मेश्टिल्ट न्यूमोनियानं अंथरुणात होती. उठून हिंडू लागल्यावर ती दफनभूमीत गेली तर दगड बसवायला माणसं आलेली. दगडावर वर 'हाइन्त्स' आणि त्याच्या तारखा. खाली, तिच्यासाठी राखून ठेवलेल्या जागेवर, 'लोटं'. तारखांची जागा मोकळी. सासूनं सगळं आधीच सांगून कोरून घेतलं होतं. म्हणजे मेल्यावरसुद्धा लोटं.

त्या दिवशी घरी येऊन तिनं पितळेची पाटी करायला टाकली. आणि लढाई सुरू झाली.

ही लढाई मी डोळ्यांनी पाहिली. म्हातारी पहिल्या मजल्यावर खिडकीशी बसलेली असायची. गुडघे गेले होते, नजर आणि आवाज शाबूत. काही हवं असलं की काठीनं छत ठोकायची आणि हाक मारायची, "लोट्टऽऽ!" मेश्टिल्ट वर पेपर वाचत बसायची. जागची हलायची नाही. हाक थांबली, घरात शांतता झाली, की ती उठायची, सूप गरम करायची आणि खाली न्यायची. सासूचं जेवण, औषध, अंघोळ, डॉक्टर, यांत कधी कसूर नाही. चादरी तर अशा पांढऱ्या, की इस्पितळानं लाजावं. पण हाकेला ओ म्हणून ती कधी गेली नाही. चाळीसहून अधिक वर्षं ती सासूला 'झी' म्हणत आली होती, म्हणजे आपलं अहो-जाहो. तेही तिनं सोडलं नाही. "मी तिच्याशी उद्धट वागत नाही," ती म्हणायची. "मी फक्त घरी नसते. लोटं घरी नसते."

पोस्टमननं लोटं नावाचं पत्र आणलं की ती विचार करून सांगायची, "या नावाचं इथं कोणी राहत नाही." जुनी गिऱ्हाइकं रस्त्यात "नमस्कार फ्राऊ लोटं" म्हणाली, की ती मागे वळून बघायची, कोण आलंय ते.

आणि सूप. म्हाताऱ्या बाईला जिऱ्याच्या जातीचा कुठलाही मसाला आवडत नसे. बेकरीच्या पावातसुद्धा तिनं तो कधी घालू दिला नव्हता. मेश्टिल्टनं एकदा माझा मिसळणाचा डबा उघडून पाहिला, जिऱ्याचा वास घेतला आणि तिचा चेहरा उजळला. मग दर शनिवारी एक छोटी वाटी घेऊन ती वर यायची. मी भरून द्यायचे. भाजून दिलं तर वास जास्त येतो, हेही मीच सांगितलं.

मुक्ता चिडायची. "आई, नव्वदीची बाई आहे ती! कशाला तिच्या नादी लागतेस?"

"पचनाला चांगलं असतं जिरं," मी म्हणायचे.

एकदा मी मेश्टिल्टला विचारलं, तुला नक्की हवंय तरी काय? माफी?

"माफी नको. माफी ती रविवारी चर्चमध्ये फुकट मागते. एकदा. तिच्या तोंडून. माझं नाव. मग मी तिला माफ करीन असं नाही. पण हाकेला जाईन."

"आणि ती त्याआधीच गेली तर?"

"म्हणून तर मी तिला इतकं नीट सांभाळते," मेश्टिल्ट म्हणाली.

अशातच रेवा, तू झालीस. तिसऱ्या दिवशी तुला घरी आणलं. बारसं करायचं ठरलं. तुझ्या आत्याला व्हिसा मिळाला नव्हता. कानात नाव कोण सांगणार, असा प्रश्न आला तेव्हा तुझे बाबा म्हणाले, "आई, आपली मेख आहे की." मी तिला विचारायला गेले. ती लगेच हो म्हणाली नाही. आधी म्हणाली, अर्थ?

"रेवा. नदी आहे. उड्या मारत जाणारी."

"पुन्हा नदी," ती माझ्याकडे बघून म्हणाली. "चांगलं आहे. हे नाव तिचं कोणी काढून घेणार नाही ना?"

मी सांगितलं, आता तसं करत नाहीत. तेव्हा ती तयार झाली. 'कुर्रर्र' म्हणायचा सराव तिनं आठवडाभर केला. जर्मन लोकांचा र घशातून येतो. जिन्यात कोणीतरी गुळण्या करतंय असं वाटायचं.

पाळणा नव्हता. मेश्टिल्टनं तळघरातून बेकरीची जुनी लाकडी काठवट काढली, पीठ मळायची, एक बाळ आरामात मावेल एवढी. सायकलवाल्यानं दोर दिला. तुझ्या बाबांनी छपराच्या तुळईला ती काठवट टांगली. हातोड्याचा आवाज खाली गेला आणि लगेच काठीचा आवाज वर आला. म्हातारीला जाणून घ्यायचं होतं, माझ्या तुळईला काय टांगताय? तुझे बाबा सज्जन माणूस. ते म्हणाले, बिचारीला बोलावू या. आणि त्यांनी व सायकलवाल्यानं मिळून तिला खुर्चीसकट वर आणलं. मेश्टिल्टनं फक्त आपली कॉलर नीट केली.

विद्यापीठातल्या तीन-चार मराठी मुली आल्या होत्या. तुर्की दुकानातून हरभरे आणून मी घुगऱ्या केल्या होत्या. मुलींना नटायची आणि हसायची हौस. त्यांनी आधी मुक्ताच्या मागे लागून, "नाव घ्या, नाव घ्या," केलं. मुक्तानं कसाबसा उखाणा जुळवून तुझ्या बाबांचं नाव घेतलं. मग माझी पाळी आली. मेश्टिल्टनं विचारलं, हे काय चाललंय? मी सांगितलं, आमच्यात बाई नवऱ्याचं नाव एरवी घेत नसे, म्हणून अशा दिवशी तिला सगळ्यांसमोर ते घ्यायला लावतात. तो शब्द काय, ती म्हणाली. नाव घ्या, मी सांगितलं. "नाव घ्या," ती हळूच म्हणाली, आणि सासूकडे बघितलं.

मग बाळाला पाळण्यात घालायची वेळ झाली. एक जणी बाळाला पाळण्याखालून देते, दुसरी पलीकडून घेते आणि वरून परत करते, आणि सगळ्या म्हणतात, कुणी गोविंद घ्या, कुणी गोपाळ घ्या. मुलींनी सुरुवात केली. कुणी गोविंद...

खुर्चीतली म्हातारी एकदम ताठ झाली. "या?" ती म्हणाली. "या, हिअर बिन इश!"

मुक्ता माझ्या कानात म्हणाली, "आई, तिला वाटतंय आपण तिला हाक मारतोय. कुणीगो... कुनिगुंडं. ती म्हणतेय, हो, मी इथं आहे."

मला तेव्हा कुठं लक्षात आलं. तिला नावानं हाक मारणारं कोणी उरलंच नव्हतं. नवरा गेला, बहिणी गेल्या, मुलगा 'मुटर', म्हणजे आई, म्हणायचा तोही गेला. मेश्टिल्ट 'झी' म्हणते. गिऱ्हाइकं शेफिन म्हणायची, मालकीणबाई. कित्येक वर्षांनी, तेही एका पोटमाळ्यावर, परक्या पोरी तिला नावानं बोलावत होत्या आणि काहीतरी घे म्हणत होत्या. तिनं दोन्ही हात पुढे केले. चेहरा असा उजळला होता की मुली पुन्हा म्हणायला लागल्या, "कुणी गोविंद घ्या, कुणी गोपाळ घ्या," आणि ती दर वेळी मान हलवून "या, या," म्हणत होती.

बाळ त्या वेळी मेश्टिल्टच्या हातात होतं.

ती सासूच्या खुर्चीसमोर गेली. तुला तिनं छातीशी धरलं होतं. म्हातारीच्या बोटांपासून तुझं लुगड्याचं दुपटं वीतभर अंतरावर. मेश्टिल्ट वाकली आणि स्वच्छ मराठीत म्हणाली, "नाव घ्या."

म्हातारीला कळलं नाही. मेश्टिल्टनं मग जर्मनमध्ये सांगितलं, आवाज न चढवता, 'झी' लावून. मुक्तानं मला कुजबुजत भाषांतर केलं, "ही मुलगी तुम्हाला कोण देतंय, तिचं नाव घ्या. मग देते."

म्हातारीनं तुझ्याकडे बघितलं. मग सुनेकडे बघितलं, बराच वेळ. तिला सगळं कळलं होतं. बाई डोक्यानं पक्की होती. ओठ हलले, थांबले. तुझी मूठ दुपट्यातून बाहेर आली होती; तिची नजर त्या मुठीवर होती.

"लोटं," ती म्हणाली.

मेश्टिल्ट सरळ झाली. वळली. आणि तुला पाळण्याखालून माझ्या हातात दिलं.

मी घेतलं. मुली पुढचं म्हणायचं विसरल्या. ते दोन हात तसेच पुढे राहिले होते, ते मागे कसे घ्यायचे हेच जणू तिला सुचत नव्हतं. काहीतरी करायला हवं म्हणून मी तुला काठवटीत ठेवलं, वाटी उचलली आणि तिच्या ओंजळीत घुगऱ्या घातल्या. जिऱ्याची फोडणी दिलेल्या. तिनं वास घेतला, माझ्याकडे बघितलं आणि एकेक करून सगळ्या खाल्ल्या. तिनं तोंडसुद्धा वाकडं केलं नाही. कुनिगुंडं हे नाव तिला उगाच ठेवलेलं नव्हतं.

मग मेश्टिल्टनं तुझ्या कानात कुर्रर्र केलं आणि रेवा म्हणाली. तू भोकाड पसरलंस.

त्या रात्री आम्ही दोघी काठवट सोडवत होतो. मी तिला म्हटलं, म्हातारीला बाळाला एक तरी हात लावू द्यायचा होतास. तिनं दोराची गाठ सोडली, दुसरी सोडली. "कालिंडी," ती म्हणाली, "तिला फक्त माझं नाव घ्यायचं होतं. बाळापेक्षा तिला माझं नाव न घेणं जास्त आवडलं. मी काय करू?" तिचं मन दुसरीकडे वळावं म्हणून मी तिला आमच्या करंगळीची गंमत सांगितली. आमच्याकडे मुलं भांडली की एकमेकांना करंगळी दाखवतात. कट्टी. म्हणजे तुझं-माझं संपलं, बोलणं बंद. तिनं आपली करंगळी समोर धरून निरखली. "एकाच बोटाला दोन अर्थ," ती म्हणाली. "कामाचं बोट आहे."

मी पुण्याला परतले. पत्रं यायची, मुक्ताच्या मजकुराखाली तिच्या दोन ओळी. सूप चालू आहे. जिरं संपत आलं. मी पुड्या पाठवत होते.

पुन्हा गेले ती मुक्ताच्या पीएचडीच्या शेवटच्या परीक्षेला. फुटबॉलच्या वर्ल्डकपचा उन्हाळा होता, मोटारींना झेंडे लावून पोरं ओरडत हिंडत होती. जिना चढताना पहिल्या मजल्यावरचं दार उघडं दिसलं, खिडकीशी खुर्ची नव्हती. म्हातारी त्याआधीच्या हिवाळ्यात गेली होती. मेश्टिल्टनं दार उघडलं, करंगळी वर केली. मीही केली. ती वाळली होती. लढाई संपलेल्या माणसाला दिवसभर काय करायचं कळत नाही, तशी घरात इकडून तिकडे हिंडायची.

दुसऱ्या दिवशी ती म्हणाली, चल, तुला दाखवायचंय. आम्ही बसनं दफनभूमीत गेलो. वाटेत मी विचारलंच.

"म्हणाली का?"

"शेवटच्या दिवशी. मी शेजारी बसले होते. तिनं डोळे उघडले, माझा हात धरला आणि म्हणाली, म्."

"म्?"

"नुसतं म्. मी वाट बघितली. पुन्हा म्हणाली, म्." मेश्टिल्ट खिडकीबाहेर बघत होती. "मिल्श असेल. मुटर असेल. मेश्टिल्ट असेल."

"मग तू काय केलंस?"

"दूध दिलं."

बस थांबली. आम्ही उतरलो. झाडी खूप, वाटा आखीव, प्रत्येक थडग्यापुढे फुलांची लहानशी बाग. ती एका दगडासमोर थांबली. वर हाइन्त्सचं नाव. खाली लोटं. फुलं ताजी होती, माती नुकतीच भुरभुरीत केलेली, एक वाळकं पान नाही. लोटं या नावाखाली मोकळी सोडलेली जागा आता भरली होती. तिथं जन्माची आणि मृत्यूची तारीख होती. जन्माची तारीख नव्वदेक वर्षांपूर्वीची होती, माझ्या मैत्रिणीची तर नक्कीच नव्हती.

मला समजायला थोडा वेळ लागला. मग मी दगडावर कुनिगुंडं हे नाव शोधलं. बाजूला बघितलं, मागे जाऊन बघितलं. कुठंच नव्हतं.

"मेश्टिल्ट," मी म्हटलं, "तुझी सासू..."

"इथं आहे. हाइन्त्सजवळ. तिचीच इच्छा होती."

"पण तिचं नाव?"

तिनं खाली वाकून एक गवताची काडी उपटली, हातातल्या पिशवीत टाकली आणि पिशवीचं तोंड बंद केलं.

"नाव आधीच कोरलेलं होतं," ती म्हणाली. "वाया कशाला घालवायचं?"

आम्ही परत फिरलो. तिची स्वतःची जागा दुसऱ्या टोकाला, तिच्या आजीच्या शेजारी घेऊन ठेवलेली होती, तीही तिनं मला जाता जाता दाखवली. फाटकाशी आल्यावर ती म्हणाली, कालिंडी, तू पुढे हो. मी रस्त्यावर जाऊन उभी राहिले आणि मागे बघितलं. फाटकात ती त्या दगडाकडे तोंड करून उभी होती, ताठ, केस मागे घट्ट बांधलेले. मग तिनं उजवा हात उचलला आणि करंगळी वर केली. ती आखनची होती की आपली, हे मी तिला विचारलं नाही. बस आली तरी तिनं हात खाली घेतला नव्हता.